लग्न पेनड्राइव्हमध्ये आहे, टीव्हीवर का लागत नाही?

"भाऊ, पेनड्राइव्हात तं दिसते, पन टीव्हीवर काहून लागून नाही राह्यली?"

लग्नसराई संपत आली की अमरावतीच्या राजापेठेत, फोटो स्टुडिओच्या काउंटरवर किंवा मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात हा प्रश्न हमखास कानावर पडतो. विचारणारा चिडलेला असतो, आणि ते रास्तच आहे. शूटिंगचे पैसे चुकते झालेले, सोयरे घरी जमलेले, आणि पडद्यावर 'ही फाईल चालत नाही' एवढीच पाटी. शूटिंगवाला म्हणतो, "माझ्या कम्प्युटरवर तर मस्त चालते." टीव्हीचा मेकॅनिक म्हणतो, "टीव्हीत काहीच बिघाड नाही." दोघेही खरे बोलत असतात. भांडण मिटत नाही ते त्यामुळेच.

याच शहरात एके काळी हा प्रश्न उद्भवत नव्हता. सिनेव्यापाऱ्यांनी वितरणासाठी देशाचे जे विभाग पाडले, त्यांपैकी एक सी.पी.-बेरार. मध्य प्रांत आणि वऱ्हाड कागदावरून गेले, तरी सिनेव्यापारात हे नाव टिकून आहे. या विभागाचे बरेच वितरक अमरावतीला बसत आणि सिनेमाच्या पेट्या इथून अकोला, यवतमाळकडच्या टॉकीजांना रवाना होत. पेटी कुठेही उघडा, रीळ यंत्रावर चढणारच. कारण ३५ मिलिमीटर रुंदीची, प्रत्येक चौकटीला दोन्ही कडांना चार-चार छिद्रे असलेली फीत १९०९ सालीच जगभरासाठी प्रमाण ठरली होती. परदेशातल्या लॅबमध्ये निघालेली प्रत अकोल्याच्या प्रोजेक्टरवर मुकाट चाले.

डिजिटल व्हिडिओला अशी एकच एक फीत नाही. साऱ्या गोंधळाचे मूळ इथे आहे.

१. डबा आणि आतला माल

डालड्याच्या डब्यात डालडाच असेल, असे कोणत्याही स्वयंपाकघरात कोणी धरून चालत नाही. त्यात तिखट असते, तूरडाळ असते, कधी सुतळीही असते. व्हिडिओ फाईलचेही असेच. नावाच्या शेवटी टिंबानंतर एमपी४, एमकेव्ही, एव्हीआय, एमओव्ही अशी जी अक्षरे असतात, ती फक्त डब्याचे नाव सांगतात. आत काय भरले आहे, हे त्यावरून नक्की कळत नाही.

आत किमान दोन जिन्नस असतात: चित्र आणि आवाज. दोन्ही दाबून, आवळून भरलेले. ज्या पद्धतीने ते आवळायचे आणि पुन्हा उलगडायचे, तिला कोडेक म्हणतात. एच.२६४, एच.२६५, एमपीईजी-२, एव्ही१ हे चित्राचे कोडेक. एएसी, एमपी३, एसी-३, डीटीएस हे आवाजाचे. याशिवाय डब्यात एक अनुक्रमणिका असते: कितव्या सेकंदाचे चित्र फाईलमध्ये कुठे आहे आणि त्याबरोबर कोणता आवाज लावायचा, याची. ही अनुक्रमणिका लक्षात ठेवा, पुढे तिचे काम आहे.

एवढे समजले की निम्मे कोडे सुटते. दोन्ही फाईली एमपी४ आहेत, एक लागते, दुसरी लागत नाही, असे का? डबा एकच असला तरी एकीत एच.२६४ भरलेले आहे आणि दुसरीत एच.२६५, टीव्हीला पहिले उलगडता येते, दुसरे नाही. शेवटची अक्षरे पुसून 'एमकेव्ही'चे 'एमपी४' करणाऱ्या मंडळींना का यश येत नाही, तेही यातच आले. चिठ्ठी बदलल्याने माल बदलत नाही.

आत काय आहे ते पाहायला पैसे पडत नाहीत. मीडियाइन्फो नावाचा फुकट प्रोग्राम कम्प्युटरवर आणि फोनवरही मिळतो. फाईल त्यात उघडली की डब्याचे नाव, चित्राचा कोडेक, आवाजाचा कोडेक, चित्राचा आकार, सेकंदाला किती चौकटी, सारे समोर येते. व्हीएलसी प्लेयर असेल तर 'टूल्स' मेनूतल्या 'कोडेक इन्फर्मेशन'मध्ये हीच माहिती मिळते. माझ्या मते दुरुस्तीचे कोणतेही पाऊल यानंतरच टाकावे.

२. आवळायचे कशाला?

थोडे गणित करू. फुल एचडी चित्रात आडवे १९२० आणि उभे १०८० ठिपके असतात. म्हणजे एका चौकटीत २०,७३,६०० ठिपके. प्रत्येक ठिपक्याच्या रंगासाठी ३ बाइट धरले तर एक चौकट सुमारे ६२ लाख बाइटांची झाली. सेकंदाला अशा २५ चौकटी, म्हणजे साधारण १५६ एमबी. तासाला ५६० जीबी. तीन तासांचे लग्न १,६८० जीबीवर जाईल, आणि यात आवाज धरलेलाच नाही. स्टुडिओवाला मात्र हेच लग्न ११ जीबीच्या आत बसवून देतो. सेकंदाला १ एमबी खर्च केला की तीन तासांचे १०.८ जीबी होतात. दीडशे पटींहून जास्त काटछाट झाली आणि पाहुण्यांना पत्ताही लागला नाही!

हे साधते कसे? मंगलाष्टके चालू आहेत अशी कल्पना करा. मागचा फुलांचा पडदा हलत नाही, खांब हलत नाहीत, नवरदेवाचा फेटाही जवळपास स्थिर आहे. मग प्रत्येक चौकटीत तोच पडदा पुन्हा का लिहायचा? कोडेक एक चौकट पूर्ण लिहून घेतो, तिला कीफ्रेम म्हणतात. पुढच्या कित्येक चौकटींत फक्त 'मागच्यापेक्षा काय बदलले' तेवढेच नोंदवतो: भटजींचे ओठ हलले, आंतरपाट थोडा झुलला. काही वेळाने पुन्हा एक पूर्ण चौकट, पुन्हा फरकांची यादी.

आता 'सावधान' होते आणि चारी बाजूंनी अक्षता उडतात. हजारो दाणे, प्रत्येकाची दिशा निराळी, मागच्या चौकटीशी कशाचाच मेळ नाही. फरकांची यादी एकाएकी प्रचंड वाढते आणि सेकंदाला १ एमबीची मर्यादा तर तीच. मग कोडेक बारकावे टाकून देतो, आणि नेमक्या त्या क्षणी चेहऱ्यांवर चौकोनी ठोकळे दिसू लागतात. लग्नाच्या व्हिडिओतला सर्वांत मोलाचा क्षण सर्वांत खराब दिसतो तो असा. कॅमेरा चांगला होता की नाही, याचा इथे संबंध कमी. फाईलला किती एमबी वाट्याला आले, याचा जास्त.

उलगडण्याचे काम याच्या उलट, आणि तेही सेकंदाला २५ वेळा, न चुकता. कम्प्युटर हे प्रोग्रामच्या बळावर करू शकतो. नवा कोडेक आला की नवा प्रोग्राम टाकायचा. टीव्हीत त्यासाठी चिपवर खास मंडल कोरलेले असते. कारखान्यातून निघताना जे कोडेक त्यात होते, साधारण तेवढेच जन्मभर. म्हणून 'माझ्या कम्प्युटरवर चालते' हे वाक्य खरे असूनही टीव्हीच्या मालकाच्या उपयोगाचे नसते.

३. व्हीसीडीपासून आजपर्यंत, धावता आढावा

व्हीसीडीचा ठराव १९९३चा. आत एमपीईजी-१, आपल्याकडच्या पाल या टीव्ही-पद्धतीत चित्र ३५२ बाय २८८, एका तबकडीवर ७४ मिनिटे. म्हणूनच हिंदी सिनेमा दोन-तीन तबकड्यांत यायचा आणि ऐन मारामारीत उठून तबकडी बदलावी लागायची. त्यातली 'डॅट' शेपटीची फाईल आजही व्हीएलसीत सहज लागते. मोजर बेअर कंपनीने २००७ मध्ये २८ रुपयांना व्हीसीडी आणि ३४ रुपयांना डीव्हीडी विकायला काढली, आणि गावोगावी घरात तबकड्यांचे ढीग झाले.

डीव्हीडीत एमपीईजी-२ आले, चित्र ७२० बाय ५७६ झाले. तबकडीवरच्या 'व्हिडिओ टीएस' फोल्डरमध्ये व्हीओबी नावाच्या फाईली असतात आणि कोणतीही १ जीबीच्या पुढे जात नाही. लग्न त्यामुळे चार तुकड्यांत दिसते. काहीजण पहिला तुकडा तेवढा कॉपी करतात आणि नंतर म्हणतात, 'वरात गायब झाली.' कॉपी करायचा असतो तो अख्खा फोल्डर.

पुढे २००३ मध्ये एच.२६४ आले आणि आज जगातले बहुतेक प्रत्येक यंत्र ते ओळखते. ३५ मिलिमीटरच्या फितीच्या सर्वांत जवळ जाणारे काही असेल, तर एमपी४ डब्यातले एच.२६४ आणि एएसी आवाज. एच.२६५ आले २०१३ला. तेवढ्याच दर्जाला साधारण निम्मी जागा घेते. पण त्याचे पेटंट अनेकांच्या हाती विखुरलेले, परवान्याचे पैसे कोणाकोणाला द्यायचे याचा घोळ, म्हणून बऱ्याच यंत्रांत आणि प्रोग्राम्समध्ये ते आपोआप मिळत नाही. या कटकटीला कंटाळून मोठ्या कंपन्यांनी मिळून २०१८ मध्ये परवाना-शुल्काविना वापरता येणारे एव्ही१ काढले.

आयफोन २०१७ पासून मूळ सेटिंगमध्ये एच.२६५नेच चित्रण करतो. पुतण्याने आयफोनवर काढलेली हळद काकांच्या जुन्या लॅपटॉपवर का लागत नाही, याचे उत्तर बहुधा हेच. कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये 'फॉरमॅट्स'खाली 'मोस्ट कम्पॅटिबल' निवडले की पुढचे चित्रण एच.२६४मध्ये होते. आधीचे मात्र आहे तसेच राहते.

४. लक्षणावरून दुखणे

चित्र येते, आवाज येत नाही. सिनेमाच्या फाईलींत हे फार. आवाज डीटीएस किंवा एसी-३ कोडेकमध्ये असतो आणि टीव्हीकडे त्याचा परवाना नसतो. २०१८ नंतर काही मोठ्या कंपन्यांनी आपल्या टीव्हींतून डीटीएस काढूनच टाकले. इथे चित्राला हात लावायची गरज नाही. फक्त आवाज एएसीमध्ये बदलून घ्यावा.

आवाज येतो, पडदा काळा. चित्राचा कोडेक टीव्हीला उलगडत नाही. एच.२६५, एव्ही१, किंवा मग दहा-बिटचे, म्हणजे रंगाच्या नोंदीला नेहमीच्या आठऐवजी दहा बिट वापरणारे, एच.२६४. हे शेवटचे दुखणे फसवे असते; मीडियाइन्फोत 'बिट डेप्थ' ८ आहे की १० तेही बघा. जुन्या फुल एचडी टीव्हीला ४के फाईल दिली तरी हाच अनुभव येतो.

चित्र अडखळते. फाईल उलगडण्याजोगी आहे, पण फार जड आहे. कॅमेऱ्यातून निघालेले ४के चित्रण सेकंदाला १०० मेगाबिट, म्हणजे साडेबारा एमबी मागते. स्वस्त पेनड्राइव्ह तेवढा वेग सलग देईलच असे नाही. हीच फाईल कम्प्युटरच्या डिस्कवर घेऊन चालवा. तिथे सुरळीत चालली तर दोष पेनड्राइव्हचा.

पडदा हिरवा होतो किंवा रंग वितळल्यासारखे ओघळतात. कीफ्रेम हरवलेली असते आणि प्लेयर नुसत्या फरकांवरून चित्र रचायला बघत असतो. पुढची कीफ्रेम आली की सावरते. संपूर्ण व्हिडिओच हिरवा असेल तर कम्प्युटरच्या ग्राफिक्स चिपशी जमत नाही असे समजा. व्हीएलसीच्या प्रेफरन्सेसमध्ये 'हार्डवेअर-ॲक्सिलरेटेड डिकोडिंग' बंद करून पाहा.

हलत्या माणसांच्या कडांना आडव्या दातेरी रेषा. जुन्या लग्नाच्या डीव्हीडीत हे दिसणारच. पाल पद्धतीत सेकंदाला ५० अर्धी चित्रे असतात, एकदा सम ओळींची, एकदा विषम. ट्यूबच्या टीव्हीवर ती बेमालूम मिसळत. आजच्या पडद्यावर 'डीइंटरलेस' चालू करावे लागते, व्हीएलसीत 'व्हिडिओ' मेनूत.

ओठ आधी हलतात, मंगलाष्टक मागून येते. फोन चौकटींचा वेग प्रकाशानुसार कमी-जास्त करतात; एडिटिंगच्या प्रोग्रामला तो स्थिर वाटतो आणि फरक साचत जातो. नुसते पाहायचे असेल तर व्हीएलसीत 'जे' आणि 'के' कळांनी आवाज थोडाथोडा मागेपुढे सरकवता येतो. कायमची दुरुस्ती हवी असेल तर मूळ चित्रण आधी स्थिर वेगात बदलून मग मिक्सिंग करावे लागते, आणि ते काम स्टुडिओचे.

रंग धुतल्यासारखे फिके. आयफोन १२ आणि पुढच्या फोनांनी एचडीआरमध्ये काढलेले चित्रण साध्या पडद्यावर असे दिसते. कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये एचडीआर व्हिडिओ बंद करता येतो.

व्हॉट्सॲपवर आलेला व्हिडिओ धूसर. यात बिघाड काहीच नाही. व्हॉट्सॲपवर व्हिडिओला बराच काळ १६ एमबीची मर्यादा होती. तीन मिनिटांच्या व्हिडिओला १६ एमबी, म्हणजे सेकंदाला जेमतेम ०.०९ एमबी; मघाच्या लग्नाचा अकरावा हिस्सा. धूसर होणार नाही तर काय! तोच व्हिडिओ 'डॉक्युमेंट' म्हणून जोडला तर जसाच्या तसा जातो, २०२२ पासून २ जीबीपर्यंत.

या सगळ्यात व्हीएलसीचे नाव पुन्हा पुन्हा आले. १९९६ मध्ये पॅरिसजवळच्या एकोल सेंत्रालच्या विद्यार्थ्यांनी सुरू केलेला हा प्रकल्प. २००१ पासून तो सर्वांना खुला आणि फुकट आहे. बहुतेक कोडेक त्याच्या पोटातच असल्याने बाहेरून काही आणावे लागत नाही. २०२२ मध्ये काही महिने भारतात त्याचे संकेतस्थळ उघडतच नव्हते, नोव्हेंबरात ते खुले झाले. व्हीएलसी अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्या. 'व्हिडिओ पाहण्यासाठी हा कोडेक टाका' असे सांगणाऱ्या अनोळखी पानांपासून तर लांबच राहावे. २००५-०६च्या सुमारास झ्लॉब नावाचा घातक प्रोग्राम नेमका हाच मुखवटा घालून लोकांच्या कम्प्युटरांत शिरत होता.

५. चार जीबीची भिंत

पेनड्राइव्ह ३२ जीबीचा, फाईल ५ जीबीची, आणि तरी कम्प्युटर म्हणतो 'फाईल फार मोठी आहे'. पेनड्राइव्ह फॅट३२ पद्धतीने आखलेला असतो आणि या आखणीत एका फाईलला ४ जीबीच्या वर जाता येत नाही. सेकंदाला १ एमबीच्या हिशेबाने ही भिंत साधारण ७१ मिनिटांनी लागते. आपली लग्ने ७१ मिनिटांत आटोपत नाहीत. पेनड्राइव्ह एक्सफॅटने फॉरमॅट केला की भिंत जाते, फक्त आतले सारे आधी दुसरीकडे काढून ठेवा, कारण फॉरमॅटमध्ये ते पुसले जाते. जुना टीव्ही एक्सफॅट वाचत नसेल तर हळद, लग्न, वरात अशा वेगळ्या फाईली करून घ्याव्यात. पाहायलाही ते बरे.

६. अर्धवट राहिलेली फाईल

एमपी४ची अनुक्रमणिका बहुतेक कॅमेरे सर्वांत शेवटी, रेकॉर्डिंग थांबवल्यावर लिहितात. बॅटरी मधेच संपली, ड्रोन कोसळला, कोणी घाईत कार्ड उपटले, की चित्र-आवाज कार्डावर असतात पण अनुक्रमणिका नसते. फाईल दोन जीबीची दिसते आणि कुठेच उघडत नाही. अशा वेळी त्या कार्डावर पुढे काहीही चित्रित करू नका. आधी कार्ड त्याच कॅमेऱ्यात घालून तो चालू करा. काही कॅमेरे आणि ड्रोन स्वतःच दुरुस्ती करून घेतात. ते नाही जमले तर अनट्रंकसारखा प्रोग्राम आहे. त्याला त्याच कॅमेऱ्याने, त्याच सेटिंगवर काढलेली एक धडधाकट फाईल नमुना म्हणून द्यावी लागते, आणि तिच्यावरून तो हरवलेली अनुक्रमणिका नव्याने रचतो. म्हणून दुसरी चांगली फाईल पुसून टाकू नका.

७. बदलायचीच असेल तर

'कन्व्हर्ट करून घ्या' हा सल्ला दुकानादुकानांत फार सैल हाताने दिला जातो. आतला माल ठीक असेल आणि टीव्हीला फक्त डबा नको असेल, तर एमकेव्हीतून एमपी४मध्ये माल नुसता हलवता येतो. लॉसलेसकट नावाचा फुकट प्रोग्राम हे करतो. कॉपी करायला लागतो साधारण तेवढाच वेळ, आणि दर्जा तसूभरही घटत नाही.

कोडेकच बदलायचा असेल तर मात्र चित्र पूर्ण उलगडून पुन्हा आवळावे लागते. त्यासाठी हँडब्रेक उत्तम, तोही फुकट. त्यातले 'फास्ट १०८०पी३०' निवडा, चित्राचा कोडेक एच.२६४ आणि आवाज एएसी आहे याची खात्री करा, आणि दर्जाचा आरएफ आकडा २० ते २२मध्ये ठेवा. तो जितका लहान, तितके चित्र चांगले आणि फाईल मोठी. प्रत्येक वेळी आवळताना काही बारकावे कायमचे जातात, म्हणून बदललेल्या फाईलवरून पुन्हा दुसरी बदलू नये. दर वेळी मूळ फाईलवरूनच सुरुवात करावी. काही जण बदललेली फाईल टीव्हीवर लागली की मूळ पुसून मोकळे होतात. नंतर एच.२६५ उलगडणारा नवा टीव्ही घरी येतो आणि हाती उरते ती दुय्यम प्रत. घरातले समारंभ अनोळखी ऑनलाइन कन्व्हर्टरवर चढवणे तर मला मुळीच पटत नाही.

घरातल्या जुन्या डीव्हीडींची गोष्ट मात्र थांबण्यासारखी नाही. स्टुडिओत लिहिलेल्या तबकडीवर सेंद्रिय रंगाचा थर असतो आणि उष्णतेने, उजेडाने तो खराब होतो. अकोल्याचा पारा मे महिन्यात ४५ अंशांपुढे जातो. पत्र्याच्या कपाटातली तबकडी तेही सोसते. अख्खा फोल्डर हार्ड डिस्कवर घ्या, आणि एक प्रत दुसऱ्या घरी ठेवा.

आणि नव्या लग्नाची ऑर्डर द्यायला स्टुडिओत जाल, तेव्हा ॲडव्हान्स देतानाच कागदावर लिहून घ्या: टीव्हीसाठी एमपी४, एच.२६४, आठ-बिट, १०८०पी, सेकंदाला २५ चौकटी, आवाज एएसी. जपून ठेवण्यासाठी मूळ दर्जाची ४के प्रत वेगळी. आणि पेनड्राइव्ह हाती देण्याआधी तो टीव्हीवर लावून दाखवावा.